फळ्यावरचं एखादं वाक्य आत मुक्कामाला राहतं का?

फळेकरी (मुलुंड)

मंडळी,

रोज इतके सुविचार डोळ्यांखालून जातात. त्यातलं एखादं तरी तुमच्या आत मुक्कामाला राहिलंय का? राहिलं असेल तर कोणतं, आणि तेच का?

विचारण्याचं कारण सांगतो. आमच्या सोसायटीच्या फाटकाशी सिमेंटचा फळा आहे. वर तिथी-वार, मध्ये सुविचार, खाली पाण्याची वेळ आणि मेंटेनन्स भरायची शेवटची तारीख. तो लिहायचं काम माझ्याकडे आहे आणि मला ते मनापासून आवडतं. खडू वाटीभर पाण्यात बुडवून ठेवायचा आणि ओला असतानाच लिहायचं. लिहिताना अक्षर जेमतेम दिसतं, पण वाळलं की असं ठसठशीत उठतं की रस्त्यापलीकडून वाचता यावं.

माझं मत असं की वाक्याला वेळ द्यावा लागतो. सकाळी स्टेशनकडे धावणारा माणूस ते ओझरतं वाचतो. संध्याकाळी थकून परततो तेव्हा तेच वाक्य त्याला वेगळं दिसतं. म्हणून मी एक वाक्य आठवडाभर ठेवतो. कमिटीतल्या एका काकांना हे मान्य नाही. त्यांच्या मते फळा रोज नवा हवा, नाहीतर कुणी मान वर करून बघणारच नाही. तुम्हाला काय वाटतं? रोज नवं की आठवडाभर एकच?

चाफेकळी

आठवडाभर एकच! +१. आणि खडू भिजवायची युक्ती वाखूसाआ (वाचनखूण साठवली आहे). मुलीच्या शाळेत फलकलेखनाची स्पर्धा आहे, उद्याच करून बघते.

साडेआठची_लोकल

माझं वाक्य फळ्यावरचं नाही, गाडीतलं आहे. 'तूच आहेस तुझ्या जीवनाचा शिल्पकार.' वामनराव पैंचं. मुंबईत राहून हा स्टिकर पाहिला नाही असा माणूस मिळणं कठीण.

आमच्या लेडीज डब्यात खिडकीच्या वरच्या पत्र्यावर तो होता, एक कोपरा नखानं खरवडलेला. सुरुवातीला मला त्याचा रागच यायचा. चौथ्या सीटवर अर्धं अंग बाहेर ठेवून बसलेल्या बाईला शिल्पकार म्हणायचं म्हणजे काय! घरातले निर्णय सासरे घेणार, ऑफिसातले साहेब घेणार, आणि उरलेले रेल्वे घेणार. पण रोज समोर असल्यामुळे मी त्याच्याशी भांडायला लागले. 'मी शिल्पकार नाही' हे सिद्ध करायला मनात यादी करायचे: हे माझ्या हातात नाही, ते नाही, तेही नाही. करता करता दोन-तीन गोष्टी अशा निघाल्या की ज्या माझ्याच हातात होत्या आणि मी त्यांना कधी हात लावला नव्हता. त्यातली एक बी.एड.ची होती. आज मी शाळेत शिकवते. स्टिकरनं मला शिक्षिका केलं असं मी म्हणणार नाही, पण ते भांडण त्यानंच लावून दिलं.

स्पष्टवक्ता

थोडा विरोधी सूर लावतो. मुंबईत माणसाला भाडं, ईएमआय, गर्दी आणि झोपेची टंचाई यांनी घेरलेलं असतं. त्याला 'सकारात्मक राहा' म्हणून सांगणं हे दुःख त्याच्याच गळ्यात मारण्यासारखं आहे. गाडीत श्वास घ्यायला जागा नसेल तर गाड्या वाढवा, वाक्यं नकोत. सुविचार पुष्कळदा भरल्या पोटाचा माणूस उपाशी माणसाला ऐकवतो.

रिक्षावाला_कवी

अहो, आमचं साहित्य विसरलात! 'आई-वडिलांचा आशीर्वाद' हे रिक्षाच्या पाठीवर वाचून मी सिग्नलवर गावी फोन लावलाय. मागच्यांनी हॉर्न वाजवले, पण फोन झाला. :)

लालबागकर

स्पष्टवक्ता यांच्या शेवटच्या वाक्याशी मी सहमत आहे, घरचा अनुभव आहे म्हणून.

वडील गिरणीत होते, साचा खात्यात. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला तेव्हा मी शाळेत होतो. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले होते. पहिले काही महिने चाळीत सणासारखा उत्साह होता, मग हळूहळू एकेक भांडं घराबाहेर जायला लागलं. आईनं खाणावळीचे डबे सुरू केले. त्या काळात एक नातेवाईक यायचे, पक्की सरकारी नोकरी. चहा पिऊन झाला की म्हणायचे, 'ठेविले अनंते तैसेचि राहावे, चित्ती असू द्यावे समाधान.' वडील त्यांच्यासमोर कधी बोलले नाहीत. ते गेले की भिंतीकडे तोंड करून पडून राहायचे. त्या ओळीची मला शिसारी बसली होती.

पण तेच वडील चाळीच्या भजनी मंडळात पखवाज वाजवायचे आणि तुकोबांचेच अभंग म्हणायचे. संपातही एकादशी चुकली नाही. लहानपणी मला हा विरोधाभास वाटायचा. तोच माणूस, तोच तुका, मग दुपारी त्रास आणि रात्री आधार कसा? आता वाटतं, दुपारी ती ओळ त्यांना कुणीतरी ऐकवलेली असायची आणि रात्री ते स्वतः म्हणायचे. फरक एवढाच असावा, पण एवढा फरक फार मोठा आहे.

चाफेकळी

लालबागकर दादा, वाचून थांबले थोडी. लिहीत राहा.

तत्सत्_सर (दादर)

लालबागकर, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. त्या ओळीबद्दल थोडं बोलतो, कारण तिच्यावर अन्याय झालाय असं मला पुष्कळ वर्षं वाटत आलंय.

ही ओळ लिहिणारा माणूस भरल्या पोटाचा नव्हता. १६३० च्या सुमाराच्या दुष्काळात तुकोबांचा व्यापार बुडाला, पहिली पत्नी अन्नाविना गेली, मूल गेलं. 'बरे झाले देवा निघाले दिवाळे' असं ते स्वतःच म्हणून गेलेत. वडिलांच्या सावकारीची कर्जखतं होती, ती दोघा भावांत वाटली आणि आपल्या वाटणीची त्यांनी इंद्रायणीत सोडली, असं चरित्रकार सांगतात. म्हणजे येणी माफ. दुष्काळात होरपळलेल्या कुळांना वसुलीतून मोकळं करणारा माणूस समाधानाबद्दल बोलतोय! त्याच माणसाचं 'असाध्य ते साध्य करिता सायास' हेही आहे. एक ओळ उचलून दुसऱ्याच्या दुःखावर ठेवायची, हा दोष उचलणाऱ्याचा.

अर्धवट उचलणं हा आपला जुना रोग आहे. 'कर्मण्येवाधिकारस्ते मा फलेषु कदाचन' प्रत्येक शाळेच्या भिंतीवर असतं. गीतेच्या दुसऱ्या अध्यायातल्या या सत्तेचाळिसाव्या श्लोकाचे चार चरण आहेत आणि चौथा भिंतीवर क्वचित येतो: 'मा ते सङ्गोऽस्त्वकर्मणि.' काहीही न करण्याचा मोह धरू नकोस. हा चरण गाळला की श्लोक मुकाट राबण्याचा उपदेश वाटायला लागतो. समर्थांचंही तेच. 'जगी सर्व सूखी असा कोण आहे' एवढंच म्हणून लोक सुस्कारा टाकतात. पुढची ओळ 'विचारे मना तूचि शोधूनि पाहे' अशी आहे. पहिल्या ओळीत दुःखाचं सांत्वन आहे, दुसरीत गृहपाठ आहे. शोधायचं तुम्हीच, तेही विचार करून.

फळेकरी, माझी विनंती: जे लिहाल ते पूर्ण लिहा आणि खाली नाव टाका.

कोकणमेवा

नावावरून आठवलं. (अवांतर आहे, पण राहवत नाही.) व्हॉट्सॲपवर कुठलंही वाक्य आलं की खाली व. पु. किंवा पु. ल. यांचं नाव असतं. निम्म्याहून जास्त वाक्यं त्यांच्या वाटेलाही गेलेली नसणार. 'ज्ञानदेवे रचिला पाया, तुका झालासे कळस' हे कुणाचं विचारा, दहातले आठ 'तुकारामांचं' म्हणतील. स्वतःलाच कळस कसा म्हणतील ते! तो अभंग संत बहिणाबाईंचा, शिऊरच्या, तुकोबांच्या शिष्येचा.

रिक्षावाला_कवी

आणि संत बहिणाबाई वेगळ्या, कवयित्री बहिणाबाई चौधरी वेगळ्या. यावरून आमच्या स्टँडवर एकदा अर्धा तास वाद झाला होता. भाडी सोडून!

अबोली_६८

तुम्ही सगळे व्हॉट्सॲपला नावं ठेवताय म्हणून मी आले.

आम्हा मैत्रिणींचा एक गट आहे, गिरगावातल्या एकाच शाळेतल्या. आता कुणी विरारला, कुणी पनवेलला, एक लेकीकडे पुण्याला. बहुतेकजणी एकट्या राहतात. रोज सकाळी प्रत्येकीनं काहीतरी पाठवायचं असा नियम आहे: गुलाबाचं फूल, सूर्योदय, सुविचार, काहीही. नऊ वाजेपर्यंत जिचं आलं नाही तिला फोन जातो. फोन उचलला नाही तर शेजाऱ्यांना. मागच्या पावसाळ्यात आमची एकजण न्हाणीघरात घसरून पडली होती. त्या दिवशी तिचा सुविचार आला नाही म्हणूनच आम्हाला कळलं. तिची मांडी आता सांधली आहे, हळूहळू चालते.

त्या सुविचारांचा अर्थ आम्ही फारसा बघत नाही हे खरं. पण त्यांना रद्दी म्हणू नका.

स्पष्टवक्ता

अबोलीताई, तुमच्या नियमाला दंडवत. हा मुद्दा माझ्या ध्यानीमनी नव्हता.

मनमोकळी (समुपदेशक, ठाणे)

साडेआठची_लोकल यांनी 'मी त्याच्याशी भांडायला लागले' असं लिहिलंय, त्यावर थोडं.

आम्ही विवेकनिष्ठ उपचारपद्धती वापरतो. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांनी १९५५ च्या सुमारास ती मांडायला सुरुवात केली आणि आपल्याकडे कि. मो. फडके यांनी ती मराठीत रुजवली. तिचं मूळ एका जुन्या विचारात आहे, आणि एलिस ते उघडपणे मान्य करत. गुलाम म्हणून जन्मलेला ग्रीक तत्त्वज्ञ एपिक्टेटस सांगून गेला होता की माणसाला घटना अस्वस्थ करत नाहीत, त्या घटनांबद्दलची त्याची मतं करतात. म्हणजे एका सुवचनातून एक अख्खी उपचारपद्धती उभी राहिली.

पण ते वाक्य नुसतं पाठ करून कुणी बरं होत नाही. सल्ला घ्यायला एखादा येतो, म्हणतो 'मी नालायक आहे'. त्याला 'तू महान आहेस' असं घोकायला लावलं तर आतला आवाज लगेच 'खोटं' म्हणतो आणि तो आणखी खचतो. त्याऐवजी आम्ही विचारतो: पुरावा काय? एका परीक्षेत नापास झालास म्हणजे सगळा माणूसच नापास कसा? हा वाद तो हळूहळू स्वतःशी घालायला शिकतो. तुकोबांच्या 'वृक्षवल्ली'च्या शेवटी 'तुका म्हणे होय मनासी संवाद, आपुलाचि वाद आपणांसी' असं आहे ना, मला ते आमच्या कामाचं नेमकं वर्णन वाटतं. लोक सोयरी वनचरं लक्षात ठेवतात, वाद विसरतात.

आणि एक कळकळीनं. झोप उडाली असेल, जगणं नकोसं वाटत असेल, तर वाक्यांवर विसंबू नका. १४४१६ हा टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा क्रमांक आहे, २०२२ पासून चालू आहे, दिवसरात्र, फुकट आणि मराठीतही. फळेकरी, हा क्रमांक फळ्याच्या कोपऱ्यात कायमचा लिहून ठेवाल का?

फळेकरी

आजच लिहितो. ऑइलपेंटनं, म्हणजे पावसात जाणार नाही.

रात्रपाळी

मी पालिकेच्या रुग्णालयात नर्स आहे. आमच्या आयसीयूबाहेरच्या भिंतीवर कुणीतरी देणगीदारानं मोठा बोर्ड लावलाय, त्यावर आशेचं वाक्य आणि उगवता सूर्य. रात्री तीन वाजता नातेवाईक त्या बोर्डाखालच्या बाकावर बसलेले असतात. त्याच्याकडे बघणारं मला क्वचितच कुणी दिसलंय.

मात्र हरिपाठाची छोटी पुस्तिका खूपदा दिसते, खिशात मावणारी, कोपरे मळलेली. त्यात सल्ला शोधत बसलंय असं वाटत नाही. ओठ हलत असतात. एकदा एका काकांनी पुस्तिका मिटलेलीच धरली होती आणि सगळं तोंडपाठ चाललं होतं. विचारलं तर म्हणाले, वडाळ्याच्या विठ्ठल मंदिराबाहेर घेतली, आषाढीच्या रांगेत. लहानपणी पाठ झालेले शब्द अशा वेळी आपणहून वर येतात, हे मी रोज बघते. म्हणून मुलांकडून काहीतरी पाठ करून घ्या. धर्माचंच हवं असं नाही, कविता चालेल. पण चांगलं हवं.

भटकी_सावली (बोरिवली)

आत्मशोध वगैरे म्हटलं की लोक हिमालयाकडे बघतात. मी कान्हेरीला जाते. नॅशनल पार्कच्या आत शंभरावर लेणी आहेत, काळ्या कातळात कोरलेली. भिक्खू जिथे निजायचे ते दगडी ओटे अजून जसेच्या तसे आहेत. त्यावर हात ठेवला की भर उन्हातही गार लागतं.

मला वाटायचं तिथले ब्राह्मी शिलालेख म्हणजे उपदेश असणार. माहितगाराबरोबर फिरले तेव्हा कळलं, बहुतेक दानाचे लेख आहेत. अमुक गावच्या व्यापाऱ्यानं हे लेणं दिलं, अमक्यानं पाण्याची पोढी, म्हणजे टाकं, खोदवली. कल्याणचे, सोपाऱ्याचे लोक. दोन हजार वर्षांपूर्वी माणसं डोंगरावर येऊन शांत बसावीत म्हणून कुणीतरी पाण्याची सोय केली आणि तेवढंच कोरून ठेवलं. त्या पोढ्यांत पावसाळ्यानंतर अजूनही पाणी असतं. शहाणपणाचं कुठलंही वाक्य वाचून मी आतून इतकी हलले नव्हते. आपण कुणाच्या पाण्याची सोय केली, हा प्रश्न घेऊनच दर वेळी उतरते.

गिरगावकर

भटकी_सावली, सुरेख. इतकं लांबही जायला नको, आमच्या खेतवाडीत निसर्गदत्त महाराज राहायचे. विड्यांचं दुकान होतं त्यांचं. घरातल्या पोटमाळ्यावर लोक बसायचे, चाळीतली माणसं आणि थेट परदेशातून आलेली माणसं एकाच सतरंजीवर. त्यांचे मराठी संवाद मॉरिस फ्रीडमन यांनी इंग्रजीत आणले, १९७३ साली ते पुस्तक निघालं आणि मग जगभरातून लोक ती गल्ली शोधत यायला लागले. १९८१ मध्ये महाराज गेले.

माझे काका जायचे ऐकायला. ते सांगायचे की तिथे गोड बोलणं नव्हतं. प्रश्न विचारला की महाराज उलट विचारणाऱ्यालाच धरायचे, हा प्रश्न पडलाय तो कोण? गुरूंनी त्यांना एकच गोष्ट धरून बसायला सांगितलं होतं, 'मी आहे' ही जाणीव. बाकी सगळं सोडून तेवढ्याशीच राहायचं. फळेकरी, तुमचा आठवडा तर फारच छोटा झाला!

स्पष्टवक्ता

धागा भरकटत भरकटत चांगल्या ठिकाणी आलाय. माझं मूळ मत कायम आहे, गाड्या वाढल्याच पाहिजेत. पण वाक्य ऐकवणारा आणि वाक्याशी भांडणारा यांत फरक करायला हवा, हे लालबागकर आणि मनमोकळी यांच्यामुळे पटलं. फळा तरी कुणाच्या अंगावर येत नाही. वाचायचं तर वाचा.

फळेकरी

सगळ्यांचे मनापासून आभार. काल हा धागा त्या कमिटीतल्या काकांना वाचायला दिला. त्यांनी चष्मा लावून पूर्ण वाचला, अबोलीताईंचा प्रतिसाद काकूंना मोठ्यानं वाचून दाखवला, आणि 'आठवडा चालेल' म्हणाले. पण त्यांची एक अट आहे, आणि मला ती फार आवडली: फळ्याचा खालचा तिसरा भाग मोकळा सोडायचा आणि खडू दोरीला बांधून ठेवायचा. ज्याला त्या वाक्याशी वाद घालायचाय त्यानं तिथे लिहावं, नाव न घालता.

येत्या सोमवारी 'जगी सर्व सूखी असा कोण आहे' दोन्ही ओळींसकट लिहितोय. सर, शुद्धलेखन तपासून द्याल?

तत्सत्_सर (दादर)

जरूर. 'सूखी' दीर्घच ठेवा, वृत्तासाठी आहे. कुणीतरी येऊन ते चूक म्हणून पुसेल, तेव्हा फाटकावरच्या वॉचमनला आधीच सांगून ठेवा. आणि खाली 'मनाचे श्लोक, समर्थ रामदास' एवढं टाका.

लालबागकर

खडू दोरीला बांधणार असाल तर सुतळी नको, पावसात कुजते. नायलॉनची घ्या. आणि पहिल्या आठवड्यात लोकांनी काय लिहिलं ते इथे टाका.